न म्हटलेल्या ओळी

तिनं डावा तळवा स्पीकरच्या जाळीवर टेकवला आणि उजव्या हातानं बेबीला खूण केली, पुन्हा लाव.

बेबीनं गाणं मागे नेलं. जाळीखालून ठोका वर आला, तळव्यातून मनगटात, मनगटातून कोपरापर्यंत. मावशीनं डोळे मिटून घेतले. ठोका तिला अजून नीट कळत असे. कानांनी सोडलेलं तेवढं काम हाडांनी उचललं होतं. शब्दांचं काम मात्र कुणीच उचललं नव्हतं. आधी स आणि श गेले, मग बायकांचे आवाज, मग ओळींची टोकं. ज्या रॅपचं सगळं दुकान ओळीच्या टोकावरच्या यमकावर चालतं, त्या रॅपवर लिहिणाऱ्या बाईला हे कुणाला सांगायची सोय नव्हती. बेबी आणि कानाचा डॉक्टर, एवढ्या दोघांनाच ते ठाऊक होतं. डॉक्टरनं दिलेलं यंत्र टेबलाच्या खणात पडून होतं. ते लावलं की सगळ्या जगानं एकदमच भांडी घासायला काढल्यासारखं वाटतं, असं तिचं म्हणणं.

"हा मुलगा तोंडात गोळी ठेवून गातो का गं?"

"हळू बोल, मावशी. खिडकी उघडी आहे." बेबी तिच्याकडे तोंड करून, ओठ नीट उघडत म्हणाली. मावशीला आपला आवाज किती मोठा होतो हेही हल्ली कळत नसे. "शब्द गिळतो तो. थांब, लिहून देते."

बेबी मावशीच्या थोरल्या बहिणीची मुलगी. बहीण गेली तेव्हा शाळेचं दप्तर आणि एक बॅग घेऊन मावशीकडे आली, ती इथलीच झाली. आता चाळिशीला टेकली होती, कानांमागचे केस पांढरे व्हायला लागले होते, तरी घरात ती बेबीच. आतल्या खोलीत बसून चित्रपटांना आणि मालिकांना सबटायटल्स लिहायची. कानांवर हेडफोन, समोर पडदा, आणि दिवसभर दुसऱ्यांचं बोलणं पडद्याच्या तळाशी दोन ओळींत बसवणं. वाक्य लांबलं तर वाचणाऱ्याचा डोळा मागे राहतो, म्हणून ते कापायचं, पण अर्थाला खरचटू द्यायचं नाही. जे ऐकूच येत नाही, तिथं कंसात 'अस्पष्ट' असं लिहून पुढे जायचं. मावशीला हे काम कारकुनी वाटे, आणि तिनं ते बोलूनही दाखवलं होतं. बोलून न दाखवणं तिच्या स्वभावातच नव्हतं.

बाहेर मावशीला काडी म्हणत. वर्तमानपत्रातल्या तिच्या सदराचं नाव 'काडी', म्हणून बाईचंही तेच पडलं. तिच्या वाक्यांना लोक शिव्या देत आणि ती पाठही करत. आपला सिनेमा गरिबाला दोनच कामं देतो, रडणं आणि नाचणं, असं तिनं एकदा लिहिलं होतं. तिसरं काम, म्हणजे बोलणं, त्यानं आपलं आपण शोधलं, तर त्याला ही मंडळी रॅप म्हणून नाक मुरडतात. या वाक्यावर ज्या रॅपवाल्यांनी टाळ्या वाजवल्या, त्यांनाही तिनं पुढच्याच आठवड्यात सोडलं नाही. गळ्यातल्या साखळीचं वजन वाढलं की यमकाचं घटतं, हे तेव्हाचं. एका चिडलेल्या गायकानं तिच्यावर आईबहिणीवरून अख्खं गाणं रचलं. तिनं त्या गाण्याचं परीक्षण छापलं. शिव्या बऱ्या आहेत, यमकं कच्ची आहेत, पुन्हा बसावं.

पण अलीकडे काडी नुसतीच ओढली जात होती, उजेड पडत नव्हता. संपादकांनी मोठ्या अदबीनं कळवलं होतं, की हल्ली तुमच्या सदरात सगळंच जळतं आणि सगळ्याचा वास एकच येतो. ती फणफणली. संपादकांना तिनं काय काय म्हटलं ते खालच्या मजल्यावरच्यांनीही ऐकलं. पण मनातून तिला ठाऊक होतं. न ऐकता शिव्या देता येतात. कौतुक करायचं तर ऐकावं लागतं.

बेबीनं कागद तिच्यासमोर सरकवला.

गाणं पत्र्या नावाच्या पोराचं होतं. पत्र्याच्या छपराखाली वाढला म्हणून पत्र्या, आणि आवाजही पत्र्यावर खडे पडावेत तसा. पहिली दोन कडवी मावशीनं भुवई न हलवता वाचली. आईचे अश्रू, बापाचा घाम, माझी गल्ली, माझीच गल्ली. तिसऱ्या कडव्यावर तिचं बोट थांबलं.

घर म्हणजे काय, तर दार, जे आतून लागत नाही;
मी बाहेर झोपतो, म्हणून आई आत जागत नाही.
भूक लागली की सांगतो, जेवून आलो बाहेर;
एवढं खोटं जिथं खपतं, तेवढंच माझं माहेर.

"पुन्हा लाव," ती म्हणाली. "फक्त एवढंच."

तळवा जाळीवर आणि डोळे कागदावर ठेवून तिनं ते कडवं अनेकदा काढलं. ठोक्यावर अक्षरं बरोबर पडत होती. कुठंही एखादं अक्षर कोंबलेलं नव्हतं की ओढलेलं नव्हतं.

"बेबी, हे त्यानं लिहिलंय?"

बेबी कीबोर्डवरची धूळ बोटानं टिपत होती. "गाणं त्याचंच आहे," ती म्हणाली.

त्या दुपारी मावशी जेवायचं विसरली. या पोरानं माहेर हा शब्द बायकांच्या ताब्यातून पळवून आणला आहे, असं तिनं लिहिलं, आणि चोरीचा माल त्याला शोभून दिसतो आहे. आजवर आपल्या गाण्यांत माहेर ही डोळे पुसत आठवायची गोष्ट होती. इथं ते फक्त एका खोट्याएवढं आहे. 'जेवून आलो' म्हटल्यावर जिथं कुणी पोटाला हात लावून बघत नाही, तेवढी जागा. आपल्या एकाही चित्रपटाला गरिबाची लाज इतक्या थोडक्यात सांगता आलेली नाही, कारण चित्रपटवाले भूक दाखवायला ताट रिकामं दाखवतात. याला ताटच लागत नाही. शेवटचं वाक्य तिनं हसत हसत लिहिलं. ज्यांना हे ऐकू येत नसेल त्यांनी आपले कान तपासून घ्यावेत.

लेख नेहमीप्रमाणे आधी बेबीनं वाचला. ऱ्हस्वदीर्घ नीट केलं, एक स्वल्पविराम हलवला. मग म्हणाली, "शेवटचं वाक्य ठेवायचंय?"

"तेच तर आहे," मावशी म्हणाली.

बेबीनं ते ठेवलं.

लेख छापून आला आणि काडीनं कौतुक केलं ही बातमीच झाली. ज्यांनी पत्र्याचं नावही ऐकलं नव्हतं त्यांनी ते गाणं लावलं, आणि तिसऱ्या कडव्याच्या त्या जाड पुटपुटण्यात प्रत्येकाला तेच शब्द ऐकू आले. आधी ज्यांना ऐकू आले नव्हते त्यांनाही. लोकांनी ओळी भिंतींवर लिहिल्या, टी-शर्टांवर छापल्या. कुठल्याशा कॉलेजात त्यांवर चर्चासत्र झालं. संपादकांनी सदराची जागा वाढवून दिली. तिचे निवडक लेख पुस्तकरूपानं काढायला एक प्रकाशक कधीपासून तयार होता, पण हातच लावत नव्हता. त्यानं आता घाई सुरू केली. हाच लेख शेवटी घ्यायचा, असं त्याचं म्हणणं. मावशीच्या चालण्यात फरक पडला. जिना चढताना ती मध्ये थांबेनाशी झाली. बेबीला एकदा म्हणाली, "अजून मेलेली नाही मी." बेबी म्हणाली, "कुणी म्हटलं?"

पत्र्या एका सकाळी न कळवता आला.

घरी कुणी आलं की दोघींची एक रीत ठरलेली होती. पाहुण्याला खिडकीकडे तोंड करून बसवायचं, मावशीनं समोर बसायचं, आणि बेबीनं पाहुण्याच्या पाठीशी, कपाटाजवळ उभं राहायचं. पाहुणा बोलेल ते बेबी नुसत्या ओठांनी पुन्हा बोलायची. मावशी अधूनमधून पाहुण्याच्या डोक्यावरून बघायची. विचारात पडून बघतेय असं वाटायचं. आजवर कुणाला काही कळलं नव्हतं.

फोटोतल्यापेक्षा पोरगा बराच लहानखुरा होता. टोपी काढून त्यानं गुडघ्यावर ठेवली. दाढी वाढलेली, मिशा ओठांवर आलेल्या, त्यातून बोलताना सारखा तोंडावरून हात फिरवायचा. त्याच्याकडून काही वाचता येणं शक्यच नव्हतं. मावशीनं नजर वर उचलली.

तुमच्यामुळे फार झालं मॅडम, बेबीचे ओठ म्हणाले. आईनं लेख चौकट करून लावलाय. तिला वाचता येत नाही, पण लावलाय.

"छान," मावशी म्हणाली. "पुढचं काय करतोयस?"

तो बोलायला लागला. बेबीचे ओठ त्याच्या मागोमाग चालत होते. चित्रपटवाले आलेत. गाणं घेणार म्हणतात. पण मला आधी तुम्हाला एक. मग ओठ थांबले. पोरगा बोलत होता, त्याचे खांदे हलत होते, हात हलत होते. बेबी कपाटाला टेकून उभी होती आणि तिचे ओठ मिटलेले होते.

मावशीनं तिच्याकडे रोखून पाहिलं. काही झालं नाही.

"परत सांग," ती पोराला म्हणाली. "आणि हात खाली घेऊन बोल. तोंड झाकून बोलणाऱ्यांचा मला राग आहे."

पोरानं शाळेत उठवल्यासारखा हात खाली घेतला. आता तो सावकाश बोलला आणि तिनं ते त्याच्या तोंडावरूनच कसंबसं वाचलं.

"त्या चार ओळी, मॅडम. मी म्हटलेल्याच नाहीत. तिथं मला शब्द सापडत नव्हते, म्हणून नुसतं गुणगुणलो. नंतर भरू म्हटलं, ते राहूनच गेलं. आता जाईन तिथं पोरं तेच मागतात. खोटं कशाला बोलू, माझ्याच गाण्यात मलासुद्धा तेच ऐकू यायला लागलंय."

मावशीनं आपला चहाचा कप बाजूला सरकवला.

"तर मी म्हणू का त्या? विचारल्याशिवाय म्हणायला जीव धजत नाही. तुम्हीच घातल्यात ना?"

नाही म्हटलं असतं तर पुढचा प्रश्न होता, मग कुणाच्या. त्याच्या पुढचा, मग तुम्ही ऐकलंत काय. आणि त्याच्या पुढे तिचं ते शेवटचं वाक्य उभं होतं, छापलेलं, आता पुस्तकात जाणारं. तिनं कपाटाकडे पाहिलं नाही.

"म्हण," ती म्हणाली. "तुझ्या गाण्यात आहेत ना? मग तुझ्याच."

पोराच्या छातीतून श्वास सुटलेला तिला दिसला. तो उठला, टोपी घातली, पुन्हा काढली. दारात बेबीकडे वळून म्हणाला, "येतो ताई. चहा मस्त होता." चहात बेबी साखर टाकायला विसरली होती. ते मावशीला नंतर, स्वतःचा गार कप तोंडाला लावल्यावर कळलं.

दार लागल्यावर बेबी कप उचलायला आली.

"तिथं अस्पष्ट लिहायचं असतं ना?" मावशीनं विचारलं.

"असतं."

"मग?"

बेबीनं ट्रे खाली ठेवला आणि तिला नीट दिसेल अशी समोर बसली. रागातसुद्धा, भांडणातसुद्धा ती समोर बसायला विसरत नसे. "किती दिवसांत तू कशालाच बरं म्हटलं नव्हतंस. नुसती बसून असायचीस त्या स्पीकरला हात लावून. मला बघवेना."

"म्हणून मला फसवलंस? माझी कीव करून?"

"ते निमित्त झालं." बेबीनं ट्रेमधला कप सरळ केला. "लिहिते मी कधीपासूनच. तुझ्या हातात द्यायची छाती नव्हती. म्हणून त्याच्या तोंडात घातलं."

"माझ्या हातात द्यायला काय झालं होतं? मी काय खाल्लं असतं तुला?"

"तुझं सदर मी शाळेपासून वाचतेय, मावशी."

हे बेबी साधेपणानं म्हणाली. त्यात टोमणा नव्हता. टोमणा असता तर मावशीला बरं झालं असतं. टोमण्याला उत्तर देणं हा तिचा धंदाच होता. ती उठून स्पीकरपर्यंत गेली, परत आली. कागद अजून टेबलावर होता. तिनं तो डोळ्यांजवळ धरला आणि दुसरं काहीच न सुचल्यामुळे तिला जे येत होतं ते केलं.

"तिसऱ्या ओळीत 'सांगतो' आहे," ती म्हणाली. "तू आधी 'सांगते' लिहिलं असशील."

"हो."

"भूक लागली की सांगते, जेवून आले बाहेर."

"हो."

मावशीला उंबऱ्यात उभी असलेली एक मुलगी दिसली, गणवेशातली, दप्तराचा पट्टा दोन्ही हातांनी धरलेली. आपण टेबलाशी, लेख द्यायची वेळ टळून गेलेली, मागे वळूनही न बघता विचारतोय, जेवलीस का गं? आणि पाठीमागून आवाज, तेव्हा सगळे आवाज स्वच्छ यायचे, हो, मैत्रिणीकडे खाल्लं. प्रत्येक वेळी एक नवी मैत्रीण. आणि प्रत्येक वेळी, गॅस पेटवायला नको म्हणून, आपल्याला किती हायसं वाटायचं.

"खोटं होतं ते?" तिनं विचारलं.

बेबीनं ट्रे उचलला. "कधीकधी खरंही असायचं," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मावशीनं लेख लिहिला. लहानसाच होता. आपल्याला ऐकू येत नाही, हे पहिल्याच वाक्यात होतं. त्या चार ओळी कुणाच्या, हे दुसऱ्यात. विशेषणं एकही नाही. लिहून झाल्यावर तिला वाटलं, इतकं सरळ आपण कधीच लिहिलं नव्हतं. तिनं बेबीला बोलावलं. बेबी उभ्या उभ्या पडद्यावर वाचून गेली, एके ठिकाणी वेलांटी बदलली.

"चांगलं झालंय."

"पाठवू?"

"तुला वाटेल तसं."

मावशीनं तिच्या चेहऱ्याकडे पाहिलं. चेहरा वाचण्यात ती आता तरबेज होती, पण हा तिला वाचता येईना. बेबीला नको असावं, असं तिनं धरलं. तसं धरणं सोपं होतं. लाजरी मुलगी, तिला माणसं झेपत नाहीत, दारात कॅमेरे उभे राहिले तर कपाटात जाऊन बसेल. शिवाय त्या पोराला जग चोर म्हणेल, आणि त्यानं तर येऊन विचारलं होतं बिचाऱ्यानं. पुस्तक छपाईला गेलेलं. संपादक आधीच तिच्या जागेवर कुणाला तरी बघत होते. यातलं एकही कारण खोटं नव्हतं. लेख संगणकात राहिला. आज नको, पुस्तक येऊन जाऊ दे, असं करता करता त्याच्यावर दुसरे लेख साचत गेले. बेबीनं एकदाही विचारलं नाही.

पुस्तक आलं. चांगलं निघालं होतं.

त्यानंतर केव्हातरी बेबी बाजारात गेलेली असताना मावशी चष्मा शोधत आतल्या खोलीत गेली. चष्मा तिथंही नव्हता. परत फिरताना तिची नजर दाराच्या कडीकडे गेली. दार बिजागरीतून खाली बसलं होतं. कडी आणि कोयंडा यांच्यात बोटभर अंतर होतं. तिनं दार लोटलं, वर उचलून पाहिलं, खांदा लावून पाहिला. कडी काही पोचेना. घराची ही खोली, आणि तिचं दार आतून लागत नव्हतं. कधीपासून, कोण जाणे. तिला आठवत होतं तेवढ्या काळात या दारावर तिनं एकदाही टकटक केलेली नव्हती. शब्द अडला की ढकलायचं आणि आत शिरायचं.

संध्याकाळच्या आत तिनं सुतार आणला. त्यानं दार उतरवलं, रंधा मारला, बिजागरी बदलली. बेबी आली तेव्हा तो जमिनीवरचा भुसा गोळा करत होता. बेबीनं कडी लावली, काढली, पुन्हा लावली.

"लागते की," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवसापासून काम करताना ती कडी लावून घेऊ लागली.

कामात तिनं कसूर केली नाही. गाणी ऐकून उतरवून देणं चालूच होतं. फक्त कागदांवर आता कंस दिसायला लागले. चार ओळी, मग अस्पष्ट. एक ओळ, अस्पष्ट, अस्पष्ट. मावशी तळवा जाळीवर ठेवून त्या कंसांवरून बोट फिरवायची. खाली ठोका चालू असायचा आणि वर काही नसायचं. सदर पुन्हा पूर्वीसारखं जळायला लागलं. मग तिनं संपादकांना कळवून ते बंद केलं. कारण विचारलं तेव्हा म्हणाली, वय झालं. संपादकांनी फार आग्रह केला नाही.

ते गाणं घेतलेला चित्रपट आला तो त्याच सुमारास. पत्र्यानं दोन जागा राखून ठेवल्याचा निरोप पाठवला. दुपारचा खेळ होता. बेबीनं इस्त्रीची साडी नेसली. मावशीनं खणातलं यंत्र काढून कानात घातलं, जिन्यापर्यंत सोसलं आणि काढून पर्समध्ये टाकलं.

थिएटर भरलेलं होतं, बहुतेक पोरंपोरी. चित्रपट कसा आहे हे मावशीला ऐकल्यावाचूनही कळलं. रडणं होतं, नाचणं होतं. एरवी तिनं मध्यंतरापूर्वीच चार वाक्यं मनाशी जुळवली असती. आज ती नुसती बघत होती. शेजारी बेबी मांडीवर पर्स धरून ताठ बसली होती, पाहुण्यांकडे बसतात तशी.

गाणं सुरू झालं ते तिला खुर्चीच्या दांड्यातून कळलं. पडद्यावर नायक छपरावर उभा होता. आवाज अर्थातच पत्र्याचा असणार. पहिलं कडवं गेलं, दुसरं गेलं. मग पुढच्या रांगांतली डोकी एकदम डोलायला लागली आणि हात वर गेले. मावशीनं मान वळवून मागे पाहिलं. पडद्याच्या उजेडात रांगाच्या रांगा चेहरे होते आणि सगळ्यांची तोंडं एकदम हलत होती. एकमेकींच्या गळ्यात हात घातलेल्या दोन मुली, मांडीवर पोर घेतलेली एक बाई, वाटेत विजेरी घेऊन उभा असलेला दारावरचा माणूस. सगळ्यांना ते पाठ होतं. ब आणि म ओठांवर सारखेच दिसतात. त्या शेकडो तोंडांवर बाहेर कुठलं आणि माहेर कुठलं, हे बघून सांगता आलं नसतं. ओठ मिटत होते, उघडत होते, पुन्हा मिटत होते. तिनं आयुष्यभर जे लिहिलं, त्यातलं काही कधी इतक्या तोंडांत एका वेळी गेलं नव्हतं.

तिनं बेबीकडे पाहिलं. बेबीचे ओठ हलत नव्हते.

मावशी तिच्याकडे झुकली. "बेबी," ती कुजबुजली, "या ओळी तुझ्या आहेत."

कुजबुजली असं तिला वाटलं. पुढच्या रांगेतली डोकी वळली, त्याच्या पुढच्या रांगेतलीही वळली. पलीकडच्या बाजूला कुणीतरी अर्धवट उठून पाहिलं. मावशी एकेका चेहऱ्यावर बघत गेली. कुणीतरी विचारेल, काय म्हणालात, कुणाच्या, असं तिला वाटलं, आणि या खेपेला सांगून टाकायचं हेही तिनं ठरवलं. एका मुलीनं तिच्याकडे पाहत ओठांवर बोट ठेवलं, कपाळाला आठी घातली आणि पडद्याकडे वळून सुटलेली ओळ मधूनच धरली. बाकीचेही वळले.

बेबी हलली नव्हती. पडद्यावरचा निळा उजेड तिच्या गालावरून जात होता. मग ती बोलली. फार नाही, एखादं वाक्य असेल. पण बोलली ती समोर बघत, आणि बाजूनं ओठ वाचता येत नाहीत.

तिनं आपल्याकडे वळावं म्हणून मावशी तशीच झुकून राहिली. गाणं संपून पुढचं दृश्य सुरू झालं होतं.